आठ दिवसांचा आठवडा, आठशे दिवसांचं वर्ष

हॉबिट या काल्पनिक लोकांच्या शायर प्रांतात कुठल्याही महिन्याची एक तारीख शुक्रवारी येत नाही. यंदा नाही, पुढच्या वर्षी नाही, कधीच नाही. त्यामुळे अशक्य गोष्टींसाठी तिथे एक खास दिवस राखून ठेवलेला आहे : एक तारखेचा शुक्रवार. डुकरं उडायची असोत की झाडं चालायची असोत, मुहूर्त हाच. आपल्याकडे भाद्रपद वद्य षष्ठी, मंगळवार, रोहिणी नक्षत्र आणि व्यतीपात असं सगळं एकत्र जुळलं की कपिलाषष्ठी होते, आणि दुर्मीळ गोष्टीला आपण कपिलाषष्ठीचा योग म्हणतो. आपला योग निदान कधीतरी येतो. हॉबिटांचा तो शुक्रवार गणितानेच बाद केलेला आहे. आणि बहार म्हणजे हॉबिटांच्या कादंबरीत पुढे झाडं खरोखरच चालतात!

हे गणित जे. आर. आर. टोल्किन यांचं. 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज'चा तिसरा खंड १९५५ साली आला, त्याच्या शेवटी जोडलेल्या एका परिशिष्टात त्यांनी आपल्या जगातल्या सगळ्या कालगणना मांडून ठेवल्या आहेत. बरेच वाचक कथा संपली की पुस्तक मिटतात आणि ही पानं न वाचलेलीच राहतात. माझं मत विचाराल तर ती आवर्जून वाचावीत. तलवारी, ड्रॅगन आणि जादूगार कुणीही रचतं. पण त्या जगात आज वार कोणता, सुट्टी कधी, गाई जास्त दूध कधी देतात, हे ज्या लेखकाला ठाऊक असतं, त्याच्या जगात आपण राहायला जातो.

सहा पानांत जन्मभराचं कॅलेंडर

हॉबिटांची युक्ती अशी. महिने बारा, प्रत्येक महिना बरोबर ३० दिवसांचा. झाले ३६०. उरलेल्या पाच दिवसांना त्यांनी कुठल्याच महिन्यात कोंबलं नाही. वर्ष बदलताना दोन दिवस युलचे : एक सरत्या वर्षाचा शेवटचा, एक नव्या वर्षाचा पहिला. आणि ऐन उन्हाळ्यात, जून आणि जुलैच्या मधोमध, तीन दिवस लिथचे. लीप वर्षात लिथचा आणखी एक दिवस वाढतो, त्याचं नाव ओव्हरलिथ.

इथवर साधं आहे. खरी करामत पुढे आहे. लिथच्या तीन दिवसांतला मधला, म्हणजे वर्षाचा मध्यदिन, याला वारच नाही. शुक्रवार संपला की मध्यदिन, आणि तो सरला की शनिवार. ओव्हरलिथलाही वार नाही. त्यामुळे वर्षात मोजायचे दिवस उरतात ३६४, म्हणजे नेमके ५२ आठवडे. प्रत्येक वर्ष शनिवारी सुरू होतं आणि शुक्रवारी संपतं. प्रत्येक तारखेचा वार कायमचा ठरलेला. एवढंच कशाला, वर्षाचा दुसरा अर्धा भाग पहिल्यासारखाच असतो. जानेवारीचं पान जुलैला चालतं, फेब्रुवारीचं ऑगस्टला. सहा पानं छापली की पिढ्यान् पिढ्या पुरतील.

पडताळून पाहायचं असेल तर बिल्बो आणि फ्रोडो या कादंबरीतल्या दोन हॉबिटांचा वाढदिवस घ्या. दोघांचाही २२ सप्टेंबर. हॉबिटांच्या गणिताने ही तारीख दरवर्षी गुरुवारीच येते. आणि बिल्बोच्या १११ व्या वाढदिवसाची ती प्रसिद्ध मेजवानी कादंबरीत कोणत्या वारी आहे? गुरुवारीच. टोल्किननी तारीख अंदाजाने टाकलेली नाही.

शुक्रवार हा हॉबिटांचा आठवड्यातला सर्वांत मोठा वार. दुपारनंतर सुट्टी, संध्याकाळी जेवणावळी. युलचा सण सहा दिवस चालायचा : जुन्या वर्षाचे शेवटचे तीन, नव्याचे पहिले तीन. खाण्यापिण्याची आवड असलेल्या मंडळींनी कॅलेंडर केलं की ते असं होतं. आणि ओव्हरलिथ म्हणजे तर चार वर्षांनी येणारी पर्वणीच. शायरच्या सन १४२० मध्ये, कादंबरीतलं युद्ध संपल्यावरच्या पहिल्या वर्षी, अफाट पीक आलं आणि नेमका त्याच वर्षी ओव्हरलिथही होता. त्या दिवसासारखी धमाल शायरमध्ये ना आधी कुणी पाहिली होती, ना ऐकली होती, अशी नोंद त्या परिशिष्टात आहे. एका कोरड्या तक्त्याच्या टिपेत एवढा आनंद मावतो, हे मला फार आवडतं.

महिन्यांची नावंही हवेतून आणलेली नाहीत. ऑक्सफर्डमध्ये जुनी इंग्रजी शिकवणाऱ्या टोल्किननी ती घेतली बीड या मठवासी विद्वानाकडून. बीडने इसवी सन ७२५ मध्ये कालगणनेवर लॅटिन ग्रंथ लिहिला आणि त्यात अँग्लो-सॅक्सन लोकांचे ख्रिस्तपूर्व परंपरेतले महिने नोंदवले. मे महिन्याचं नाव थ्रिमिल्की होतं, कारण त्या महिन्यात गाई दिवसातून तीन वेळा पिळत. नोव्हेंबर हा बळीचा महिना, हिवाळ्याआधी जनावरं कापण्याचा. फेब्रुवारीत देवांना पोळ्या वाहत. हॉबिटांच्या तोंडी ही नावं थोडी झिजून आली, थ्रिमिल्कीचं थ्रिमिज झालं. गोठा, शेत आणि चूल यांतून आलेले हे महिने आपल्या कोकणातल्या किंवा देशावरच्या शेतकऱ्यालाही लगेच ओळखीचे वाटतील.

तेच गणित संयुक्त राष्ट्रांत

वार नसलेला दिवस ही कल्पना कादंबरीपुरतीच होती असं समजू नका. अमेरिकेच्या एलिझाबेथ अकेलिस यांनी १९३० मध्ये संघटना उभारून 'वर्ल्ड कॅलेंडर'चा प्रचार सुरू केला. त्यातही ३६४ दिवसांचे चार सारखे तिमाही भाग, वर्षाअखेरीला वार नसलेला एक जागतिक दिवस आणि लीप वर्षात तसाच आणखी एक दिवस. हॉबिटांचीच युक्ती! १९५३ मध्ये हा प्रस्ताव संयुक्त राष्ट्रांपुढे नेला तो भारताने. खगोलशास्त्रज्ञ मेघनाद साहा यांनी १९५४ मध्ये जिनिव्हात त्याची बाजू मांडली.

प्रस्ताव बारगळला. ज्यू आणि अनेक ख्रिस्ती संघटनांचा आक्षेप असा होता की वर्षातून एकदा जरी वाराची साखळी तुटली, तरी सातव्या दिवसाचा विश्रांतिवार दरवर्षी सरकत जाईल. अमेरिकेनेही १९५५ मध्ये पाठिंबा नाकारला. शायरमध्ये हा पेच उद्भवत नाही, कारण हॉबिटांना आठवड्याचा धर्म नाही, फक्त शुक्रवारची मेजवानी आहे. काल्पनिक जगात जी गोष्ट सहज बसते, ती खऱ्या जगात कुठे अडते ते इथे स्पष्ट दिसतं.

याच साहांच्या अध्यक्षतेखालच्या समितीने भारतासाठी राष्ट्रीय सौर दिनदर्शिका सुचवली. अहवाल १९५५ चा, म्हणजे टोल्किनचं परिशिष्ट आलं त्याच वर्षीचा. २२ मार्च १९५७ पासून, १ चैत्र शके १८७९ या तारखेने, ती दिनदर्शिका अमलात आली. सरकारी राजपत्रावर ती आजही असते.

एल्फांचं वर्ष, माणसांचा दिवस

टोल्किनचे एल्फ अमर. त्यांना आपलं वर्ष अगदीच तोकडं वाटतं, म्हणून त्यांचं मोठं वर्ष आपल्या १४४ वर्षांचं. आठवडा सहा दिवसांचा, ऋतूही सहा. चार ऋतू ५४ दिवसांचे, दोन ७२ दिवसांचे, आणि वर पाच सुटे दिवस. बेरीज करून पाहा, ३६५ होतात. लीप दिवसाचा हिशेब दर बारा वर्षांनी तीन दिवस वाढवून एकदम चुकता केला जातो. घाई कुणाला आहे!

एल्फांचा दिवस सूर्यास्ताला सुरू होतो. समुद्रापार जाऊन राज्य उभारणाऱ्या माणसांनी तो बदलून सूर्योदयाला आणला. आपल्या पंचांगातही वार सूर्योदयालाच बदलतो, त्यामुळे मराठी वाचकाला ही माणसं लगेच जवळची वाटतात. पहाटे तीनला जन्मलेल्या बाळाचा वार कोणता, हा प्रश्न ज्या घरात आजीने सोडवला आहे, त्या घराला टोल्किन वेगळे शिकवावे लागत नाहीत.

दुष्ट सॉरॉनचा पाडाव २५ मार्चला होतो, आणि त्यानंतर विजयी राजा त्याच दिवशी नवं वर्ष सुरू करतो. ही तारीख यदृच्छेने निवडलेली नाही. इंग्लंडमध्ये १७५२ पर्यंत कायदेशीर नवं वर्ष २५ मार्चलाच सुरू होत असे. त्या नव्या गणनेत लीप वर्षाचा वाढीव दिवसही फ्रोडोच्या वाढदिवसाला जोडला गेला. एका छोट्या हॉबिटाने जग वाचवलं, म्हणून अख्ख्या राज्याने चार वर्षांतून एकदा त्याचा वाढदिवस दोनदा साजरा करायचा! कृतज्ञता व्यक्त करण्याची याहून देखणी रीत मला दुसरी सापडलेली नाही.

एवढी काळजी घेणाऱ्या माणसालाही चंद्राने छळलंच. १९४४ मध्ये मुलगा क्रिस्टोफर याला लिहिलेल्या पत्रात टोल्किन सांगतात की कथेतल्या ऐन मोक्याच्या दिवसांत चंद्र अशक्य गोष्टी करतोय असं त्यांच्या लक्षात आलं : देशाच्या एका भागात तो उगवत होता आणि त्याच वेळी दुसऱ्या भागात मावळत होता. कथेचे पदर दोन, पात्रं दूर दूर, आणि आकाश एकच. मग त्यांनी प्रकरणंच दुरुस्त करायला घेतली.

कासवाच्या पाठीवर आठ ऋतू

टेरी प्रॅचेट यांचं डिस्कवर्ल्ड म्हणजे चार हत्तींवर तोललेली थाळीसारखी सपाट पृथ्वी. हत्ती एका प्रचंड कासवाच्या पाठीवर, आणि कासव अवकाशात पोहत चाललेलं. १९८३ च्या पहिल्याच कादंबरीत त्यांनी या थाळीचं गणित सांगून टाकलं. थाळी स्वतःभोवती एक फेरी पूर्ण करायला ८०० दिवस घेते. तेवढ्यात थाळीच्या प्रत्येक कडेवरून सूर्याची वाट दोनदा जाते, म्हणून एका मोठ्या वर्षात दोन उन्हाळे, दोन हिवाळे, एकूण आठ ऋतू. आठवडाही आठ दिवसांचा, आठव्याचं नाव ऑक्टेडे. आठ हा तिथला जादूचा आकडा.

शेतकऱ्यांना मात्र ८०० दिवसांचं वर्ष सोयीचं नाही. त्यांना एक पेरणी आणि एक कापणी झाली की वर्ष संपलेलं हवं. म्हणून रोजच्या व्यवहारात ४०० दिवसांचं वर्ष चालतं, त्यात महिने तेरा : बारा महिने ३२ दिवसांचे आणि एक, इक नावाचा, फक्त १६ दिवसांचा. पंडितांचं वर्ष एक आणि शिवारातलं वर्ष दुसरं, ही प्रॅचेट यांची समज फार खोल आहे. आपल्याकडेही पंचांगाचं वर्ष पाडव्याला, व्यापाऱ्याच्या वह्या दिवाळीत, सरकारचा हिशेब एप्रिलमध्ये आणि शाळेचं वर्ष जूनमध्ये सुरू होतं. एकच एक कॅलेंडर पाळणारं काल्पनिक जग मला त्यामुळे अर्धवटच वाटतं.

फासे टाकणाऱ्यांची सोय

'डंजन्स अँड ड्रॅगन्स' खेळणाऱ्यांना कॅलेंडर शोभेसाठी लागत नाही. जखम भरायला किती दिवस, पुढच्या शहरापर्यंत किती मुक्काम, पौर्णिमा कधी, हे माहीत नसेल तर खेळ अडतो. लांडगा होणारा माणूस कुठल्या रात्री लांडगा होईल, ते कळायला नको? या खेळाच्या जनकांपैकी गॅरी गायगॅक्स यांनी १९७९ च्या मार्गदर्शक पुस्तकात, काळाची काटेकोर नोंद नसेल तर खेळाला अर्थ नाही, हे इंग्रजीतल्या मोठ्या अक्षरांत बजावलं होतं.

त्यांच्या ग्रेहॉक जगाचं वर्ष मग कसं असणार? ३६४ दिवसांचं, आखीव. २८ दिवसांचे बारा महिने, आणि मधे मधे एकेक आठवड्याचे चार सण. चंद्र दोन. मोठा २८ दिवसांत फेरी करतो, लहान ९१ दिवसांत. ३६४ ला दोन्ही आकड्यांनी निःशेष भाग जातो, एकाने १३ वेळा, दुसऱ्याने चार वेळा. लीप वर्ष नाही, अधिक महिना नाही. दरवर्षी तीच पौर्णिमा त्याच तारखेला. खेळायला उत्तम. माझं मन मात्र अशा जगात फार रमत नाही. खरं आकाश इतकं आज्ञाधारक नसतं.

कीथ बेकर यांच्या एबेरॉनमध्ये (२००४) तर चंद्र बारा, महिनेही बारा, आणि प्रत्येक महिन्याला एकेका चंद्राचं नाव. कोजागरीला बारा चंद्र आटवलेल्या दुधात पाहायला मिळाले असते तर!

एड ग्रीनवुड यांच्या फॉरगॉटन रेल्म्समध्ये आठवडा दहा दिवसांचा, महिन्यात असे तीन, आणि पाच सणांचे दिवस महिन्यांच्या मधे मोकळे सोडलेले. चार वर्षांनी एक लीप दिवस. पण या जगाची शान वेगळीच आहे. तिथे प्रत्येक वर्षाला नाव असतं, आणि ती नावं भविष्यवेत्त्यांनी शतकानुशतकं आधी लिहून ठेवलेली आहेत. सन १३५८ हे सावल्यांचं वर्ष. त्याच वर्षी देवांना स्वर्गातून हाकलून जमिनीवर पाठवलं जातं. वर्षाचं नाव आधीच ठाऊक असतं, अर्थ मात्र वर्ष उलटल्यावर कळतो.

इंग्रजी वाचकाला हे नवं वाटतं. आपल्याला नाही. प्रभव ते क्षय असे साठ संवत्सर आपल्याकडे आळीपाळीने येतात, आणि गुढीपाडव्याला घरातलं थोरलं माणूस नव्या संवत्सराचं नाव वाचून दाखवतं. शिवराज्याभिषेक झाला त्या शके १५९६ चं नाव आनंद. रायगडावरचा तो सोहळा आणि संवत्सराचं ते नाव, दोन्ही एकत्र वाचताना आजही मन भरून येतं.

उन्हाळा दहा वर्षं, दोन महिने आणि सोळा दिवस

जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या वेस्टेरॉसमध्ये ऋतूच बेभरवशाचे. १९९६ मध्ये आलेल्या पहिल्या कादंबरीच्या वेळी उन्हाळ्याचं नववं वर्ष चालू आहे. तो शेवटी दहा वर्षं, दोन चांद्रमास आणि सोळा दिवस टिकला. ऋतू बदलला हे लोकांना कळतं ते विद्वानांच्या मठातून सुटलेल्या पांढऱ्या कावळ्यांमुळे. पांढरा कावळा दारात उतरला की धान्य साठवायला लागा.

मग तिथे वर्ष म्हणजे काय? पावसाळा मोजून वर्ष धरता येत नाही, सुगीवरून धरता येत नाही. उरतो चंद्र. बारा चंद्र झाले की वर्ष. सनाची सुरुवात एगॉन या विजेत्यापासून, आणि नाव जरी 'विजयानंतर' असं असलं तरी मोजणी होते ती त्याच्या ओल्डटाउनमधल्या राज्याभिषेकापासून. प्रत्यक्ष लढाया त्याआधी दोनेक वर्षं चालू होत्या, आणि या घोळावर त्या जगातले इतिहासकार वाद घालतात. मराठी वाचकाला हे समजावून सांगायला नको. राज्याभिषेक शक काढणं म्हणजे काय असतं आणि त्यामागे सार्वभौमत्वाचा केवढा दावा असतो, हे आपण ६ जून १६७४ पासून जाणतो.

भराभर पाच

ब्रँडन सँडरसन यांच्या रोशर ग्रहावर दहा हा पवित्र आकडा. म्हणून महिने दहा, प्रत्येक ५० दिवसांचा, आठवडा पाच दिवसांचा, वर्ष ५०० दिवसांचं. महिना, आठवडा आणि दिवस या तिन्हींचे आकडे एकत्र जोडून एका शब्दात तारीख होते. आपल्याकडच्या जुन्या शिलालेखांत शक आकड्यांऐवजी शब्दांनी लिहायची पद्धत होती, तिची आठवण येते.

'स्टारड्यू व्हॅली' या २०१६ च्या खेळात वर्ष केवळ ११२ दिवसांचं : चार ऋतू, प्रत्येकी २८ दिवस, आणि प्रत्येक ऋतूचा पहिला दिवस सोमवार. ऋतू बदलला की शेतातलं जुनं पीक वाळून जातं, म्हणून खेळणारे पेरणीआधी कॅलेंडर पाहतात.

'मेजोराज मास्क' या २००० सालच्या खेळात अख्ख्या जगाकडे उरलेत फक्त तीन दिवस. चौथ्या दिवशी चंद्र कोसळणार. नायक काळ मागे फिरवतो आणि तेच तीन दिवस पुन्हा जगतो.

'स्टार ट्रेक'ची स्टारडेट १९६६ मध्ये जन्मली ती मुद्दाम, कथा नेमक्या कोणत्या शतकात घडते ते प्रेक्षकाला कळू नये म्हणून. १९८७ च्या नव्या मालिकेत आकडे ४१ ने सुरू झाले : चार म्हणजे चोविसावं शतक, एक म्हणजे मालिकेचा पहिला हंगाम.

सी. एस. लुईस यांच्या नार्नियात मुलं राजे-राण्या होऊन मोठी होतात आणि कपाटातून परततात तेव्हा घरात क्षणही गेलेला नसतो. उलट आपल्या भागवतात राजा ककुद्मी मुलगी रेवतीसाठी वर विचारायला ब्रह्मलोकी जातो, थोडा वेळ गाणं ऐकत थांबतो आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटतात. मनात ठरवलेले सगळे वर केव्हाच काळाच्या पोटात गेलेले. म्हणून रेवती बलरामाला दिली. काळ दोन ठिकाणी दोन वेगांनी चालतो, यावरची इतकी सुंदर कथा आपल्या घरात आहे.

फ्रान्समध्ये खरंच करून पाहिलं

कुणी विचारेल, असं रचलेलं कॅलेंडर खऱ्या लोकांच्या हाती दिलं तर? फ्रेंच राज्यक्रांतीने १७९३ मध्ये हेच केलं. वर्षाची मोजणी २२ सप्टेंबर १७९२ पासून, त्या शरदसंपाताच्या दिवशी प्रजासत्ताक सुरू झालं म्हणून. बारा महिने ३० दिवसांचे, वर पाच किंवा सहा सणांचे दिवस. आठवडा गेला, त्या जागी दहा दिवसांची दशाह आली. दिवसाचे तास दहा, तासाची मिनिटं शंभर.

फाब्र देग्लांतिन या कवीने महिन्यांना धुकं, हिम, पाऊस, फुलं, सुगी यांवरून नावं दिली. संतांची नावं काढून प्रत्येक दिवसालाही नवं नाव मिळालं : पाचव्या दिवसाला जनावराचं, दहाव्याला अवजाराचं, बाकीच्यांना पिकांची, झाडाझुडपांची. एका दिवसाचं नाव चक्क बटाटा. मला ही सगळी योजना मनापासून सुंदर वाटते. नांगराला वर्षातला एक दिवस देणाऱ्या क्रांत्या किती थोड्या!

पण मजुराला सुट्टी सात दिवसांऐवजी दहा दिवसांनी मिळू लागली. बाजार, चर्च, कराराच्या तारखा, शेजारच्या देशांशी व्यवहार, सगळं विस्कटलं. दहा तासांच्या घड्याळाची सक्ती १७९५ मध्येच उठली. महिन्यांना नावं देणारा तो कवी १७९४ मध्येच गिलोटिनखाली गेला होता. १ जानेवारी १८०६ पासून नेपोलियनने जुनं कॅलेंडर परत आणलं. १८७१ मध्ये पॅरिस कम्यूनने थोडे आठवडे त्याला पुन्हा जिवंत केलं, तेवढंच.

मंगळावर मेष आणि मीन

आता एक असं कॅलेंडर, जे आज काल्पनिक असलं तरी उद्या उपयोगी पडू शकेल. मंगळाचा दिवस आपल्यापेक्षा सुमारे चाळीस मिनिटांनी मोठा, आणि वर्ष त्या मापाने ६६८ दिवसांहून थोडं अधिक. अमेरिकेतले थॉमस गँगेल यांनी १९८५ मध्ये त्यासाठी कॅलेंडर रचलं आणि मुलाच्या, डॅरियसच्या, नावावरून त्याला डॅरियन म्हटलं. वर्ष जवळपास दुप्पट, म्हणून महिने चोवीस. एवढी नावं आणायची कुठून? त्यांनी बारा राशींची लॅटिन आणि संस्कृत नावं एकाआड एक घेतली. सॅजिटेरियसनंतर धनुस्, मग कॅप्रिकॉर्नस आणि मकर, अक्वेरियस आणि कुंभ, पायसीस आणि मीन, एरीस आणि मेष. मंगळावर वस्ती झाली आणि हेच कॅलेंडर भिंतीवर लागलं, तर तिथली मुलं 'मिथुन'च्या सुट्टीची वाट पाहतील.

आणि मराठीत?

मराठीत अद्भुताची परंपरा मोठी आहे. आता तर तरुण लेखक आणि खेळ रचणारी मुलं स्वतःची जगं उभी करू लागली आहेत. त्यांच्याशी थेट बोलायचं आहे. तीस दिवसांचे बारा महिने आणि दोन चंद्र, हे आखीव कॅलेंडर उसनं घेऊ नका. तुमच्या घरात पंचांग आहे. ते उघडा.

त्यात तिथी १९ तासांचीही असते आणि २६ तासांचीही. म्हणून एखादी तिथी सूर्योदयच न पाहता निघून जाते, तर एखादी दोन सूर्योदय पाहते. कथेतल्या राजकन्येचा विवाह ज्या तिथीला ठरला आहे, तीच क्षय पावली तर? एकोणीस वर्षांत सात अधिक महिने येतात. २०२३ मध्ये श्रावण दोनदा आला, तेव्हा व्रतं कोणत्या श्रावणात पाळायची यावर घरोघरी चर्चा झाली. क्वचित अख्खा महिनाच गळतो. १९६३-६४ आणि १९८२-८३ मध्ये असा क्षयमास येऊन गेला. एखाद्या देवाचा सण ज्या महिन्यात, तोच महिना त्या वर्षी नाही, यावर कादंबरी उभी राहील.

वाद हवा असेल तर तोही तयार आहे. टिळक पंचांग मानणाऱ्या घरांत काही वर्षी अधिक महिना वेगळा येतो, आणि मग एकाच गावात दोन घरांचे गणपती महिन्याच्या अंतराने बसतात. दोन राज्यं, दोन पंचांगं, सीमेवरच्या गावात दोन दिवाळ्या. युद्ध पेटायला आणखी काय लागतं?

तेव्हा जग रचायला बसाल त्या दिवशी नकाशाआधी एक वर्ष लिहून काढा. पाऊस कधी, कापणी कधी, कर कधी भरायचा, माहेरी कधी जायचं, उपास कधी, जत्रा कधी. मग त्यातला एक दिवस असा ठेवा, ज्याला वार नाही.